चांदीचे चमचे, गहाण पडलेला कोट आणि कार्ल मार्क्सचा संसार

लंडनमधलं गहाणवटीचं एक दुकान. विस्कटलेली दाढी, मळका कोट आणि इंग्रजी बोलताना जर्मन हेल काढणारा एक माणूस आत शिरतो. पिशवीतून चांदीची भांडी काढून काउंटरवर ठेवतो. भांड्यांवर स्कॉटलंडच्या अर्गाइल या बड्या सरदार घराण्याची मुद्रा कोरलेली. दुकानदार एकदा भांड्यांकडे बघतो, एकदा माणसाकडे. दोन्हीचा मेळ काही बसत नाही. तो पोलिसांना बोलावतो आणि चोरीच्या संशयावरून त्या माणसाची रात्र कोठडीत जाते. ओळखीच्यांनी येऊन खात्री दिल्यावर सुटका होते.

हा माणूस होता कार्ल मार्क्स. त्याच्या ओळखीच्यांनी पुढं सांगितलेला हा किस्सा.

भांडी चोरीची नव्हती. बायकोच्या माहेरून आलेली होती.

जगात गरीब-श्रीमंत हा भेद कुठून येतो हे सांगण्यात ज्या माणसानं आयुष्य घालवलं, त्याच्या स्वतःच्या घरात हाच भेद रोज जेवायला बसायचा. मार्क्सचे विचार पटोत न पटोत, त्याचं नाव सगळ्यांना माहिती असतं. पण त्याच्याशी लग्न करून सगळं गमावलेल्या जेनीची गोष्ट फारशी कुणी सांगत नाही.

गावातली सगळ्यात देखणी मुलगी

जर्मनीच्या पश्चिम टोकाला ट्रियर नावाचं जुनं गाव आहे. मोझेल नदी, द्राक्षांचे मळे आणि रोमन काळातले अवशेष. १८१८ साली ५ मे रोजी कार्लचा जन्म याच गावात झाला. वडील हाइनरिश मार्क्स वकील होते. घराणं ज्यूंच्या धर्मगुरूंचं. पण हा भाग प्रशियाच्या राज्यात गेला आणि ज्यू माणसाला वकिली करणं अशक्य झालं. पोटासाठी हाइनरिश यांनी धर्म बदलला आणि ते ख्रिस्ती झाले. १८२४ मध्ये मुलांचाही बाप्तिस्मा झाला.

याच गावात लुडविग फॉन वेस्टफालेन हे सरकारी अधिकारी राहायचे. नावातलं हे ‘फॉन’ महत्त्वाचं आहे. ते असलं की माणूस उमराव, नसलं की साधा. लुडविग यांच्या वडिलांना लष्करी कामगिरीमुळं हा मान मिळाला होता आणि आई स्कॉटलंडच्या खानदानी घरातली होती. अर्गाइलची मुद्रा असलेली चांदी तिच्याकडूनच आलेली. जेनी ही लुडविग यांची मुलगी, जन्म १२ फेब्रुवारी १८१४. म्हणजे कार्लपेक्षा चार वर्षांनी मोठी.

पैशाच्या हिशोबानं बघितलं तर दोन घरांत जमीन-अस्मानाचा फरक नव्हता. हाइनरिश यांची वकिली बरी चालायची, द्राक्षमळ्यांतही त्यांची थोडी मालकी होती. फरक होता तो प्रतिष्ठेचा. एका घराचं नाव कागदावर उमरावांचं, तर दुसऱ्या घराला पोट भरायला देवसुद्धा बदलावा लागलेला.

पण दोन्ही घरांत येणं-जाणं होतं. कार्लची थोरली बहीण सोफी जेनीची मैत्रीण, आणि जेनीचा भाऊ एडगर कार्लच्या शाळेत. लुडविग मोकळ्या मनाचे होते. ते कार्लला लांब लांब फिरायला न्यायचे, होमर आणि शेक्सपिअर ऐकवायचे. समाजवादी विचारवंत सेंट-सिमॉनबद्दलही कार्लनं पहिल्यांदा ऐकलं ते या उमराव माणसाकडूनच. पुढं कार्लनं आपला डॉक्टरेटचा प्रबंध स्वतःच्या वडिलांना नाही, तर या होणाऱ्या सासऱ्यांना अर्पण केला.

जेनी गावात प्रसिद्ध होती. नाचाच्या समारंभांत सगळ्यांच्या नजरा तिच्यावर. सतराव्या वर्षी एका लष्करी अधिकाऱ्याशी तिचं लग्नही ठरलं होतं. माणूस देखणा आणि तिच्याच वर्गातला. पण जेनीनं काही महिन्यांतच ते मोडलं.

चोरून ठरलेलं लग्न

१८३६ च्या उन्हाळ्यात कार्ल बॉन विद्यापीठातून सुट्टीला घरी आला. वय १८. वर्षभरात अभ्यासापेक्षा दारू, उधारी आणि भांडणं जास्त झालेली. एक द्वंद्वयुद्धही लढून झालेलं. जेनी २२ वर्षांची. दोघांनी चोरून लग्न ठरवलं.

चोरून ठरवायची कारणं उघड होती. मुलगा लहान, बेकार, ज्यू वंशाचा आणि ‘फॉन’ नसलेला. त्या काळी नवरा बायकोपेक्षा वयानं चांगला मोठा असावा आणि त्यानं आधी कमवायला लागावं, हा रिवाज होता. इथं सगळंच उलटं. कार्लच्या वडिलांना लगेच कळलं, पण जेनीच्या घरी पुढच्या वर्षापर्यंत कुणालाच नाही. या लपवालपवीचा ताण जेनीवर पडला. ती आजारी पडू लागली. कार्ल मात्र लांब बर्लिनला शिकायला गेलेला. तिथून तो तिच्यासाठी कवितांच्या वह्या भरत होता. १८३६ च्या नाताळात अशा तीन वह्या तिच्याकडं पोहोचल्या.

हाइनरिश यांना मुलाची काळजी होती, पण त्याहून जास्त जेनीची. आपला मुलगा हुशार आहे हे त्यांना ठाऊक होतं. ही मुलगी त्याच्यासाठी किती मोठा त्याग करतेय, हे त्याला कळतंय का, याची मात्र त्यांना खात्री नव्हती. पत्रांतून ते हेच परत परत सांगायचे. १८३७ च्या शेवटी त्यांनी त्याला चांगलंच झापलं. श्रीमंतांची मुलं वर्षाला ५०० थालरमध्ये भागवतात आणि हा जवळजवळ ७०० उडवतो, ही त्यातली एक तक्रार. काही महिन्यांनी, मे १८३८ मध्ये हाइनरिश वारले.

त्यानंतर दोन्ही घरांतलं नातं ताणलं गेलं. कार्लच्या आईची, हेन्रिएटाबाईंची तक्रार अशी की नवरा गेल्यावर वेस्टफालेन मंडळींनी साधी विचारपूसही केली नाही, परक्यासारखं वागवलं. दुसऱ्या बाजूला जेनीचा सावत्र भाऊ फर्डिनांड. तो तिच्यापेक्षा पंधरा वर्षांनी मोठा आणि सरकारी नोकरीत वर चढत निघालेला. त्याला हे स्थळ अजिबात मान्य नव्हतं. पुढं तो प्रशियाचा गृहमंत्री झाला. म्हणजे ज्या सरकारचे हेर मार्क्सच्या मागावर होते, त्या सरकारचा गृहमंत्री मार्क्सचा मेहुणा.

वाट बघण्यात सात वर्षं गेली. त्या काळातली जेनीची पत्रं वाचली की तिची भीती कळते. वयानं आपण मोठ्या, कार्लचं हे वेडं प्रेम टिकलं नाही तर काय? एका पत्रात तिनं विचित्र स्वप्नरंजन केलंय. कार्लच्या उजव्या हाताला द्वंद्वात जखम झालीय, त्याला लिहिता येत नाही, मग तीच त्याचे विचार उतरवून घेते आणि त्याला तिच्यावाचून करमत नाही. रूप ओसरलं तरी आपली गरज उरावी, एवढंच तिला हवं होतं. गंमत म्हणजे झालंही तसंच. मार्क्सचं अक्षर इतकं वाईट होतं की त्याची हस्तलिखितं छापखान्यात जाण्याआधी जेनीलाच नीट उतरवून काढावी लागायची.

१९ जून १८४३ रोजी क्रॉइत्सनाख या गावी दोघांचं लग्न झालं. त्याआधी जेनीचे वडील वारले होते, कार्लच्या आईनं वाटणीचे पैसे द्यायला नकार दिला होता आणि कार्ल ज्याचा संपादक होता ते वर्तमानपत्र सरकारनं बंद पाडलं होतं. लग्नाच्या करारात एक कलम होतं. लग्नाआधीचं ज्याचं कर्ज त्यानंच फेडायचं. कर्ज कुणाचं असणार, हे सांगायला नको.

जेनीच्या आईनं लेकीला घराण्याची चांदी दिली आणि मधुचंद्रासाठी रोख रकमेची पेटी. असं सांगतात की दोघांनी ही पेटी प्रवासात खोलीच्या टेबलावर उघडीच ठेवली. भेटायला येणाऱ्या कुणाही गरजू मित्रानं हवं तेवढं घ्यावं. परत येईपर्यंत पेटी रिकामी.

जप्तीवाले आले आणि पाळणाही घेऊन गेले

पुढची सहा वर्षं म्हणजे नुसती पळापळ. पॅरिस, ब्रुसेल्स, परत पॅरिस, मग कोलोन. प्रत्येक ठिकाणचं सरकार हाकलून द्यायचं आणि प्रत्येक वेळी घरातलं सामान पडत्या भावात विकायचं काम जेनीकडं यायचं. १८४५ मध्ये तिच्या आईनं मदतीला आपल्या घरातली मोलकरीण पाठवली. तिचं नाव हेलेना डेमुथ, सगळे तिला लेन्शन म्हणायचे. ती आली ती कायमची.

१८४८ मध्ये युरोपभर क्रांतीची लाट आली. त्याच वर्षी मार्क्स आणि एंगल्सचा कम्युनिस्ट जाहीरनामा छापला गेला. बेल्जियम सरकारनं मार्क्सला पकडलं. नवऱ्याची चौकशी करायला गेलेल्या जेनीलाही पोलिसांनी आत टाकलं. रात्र वेश्यांसोबत एका कोठडीत. ट्रियरच्या नाचघरापासून ती इतक्या लांब आली होती.

१८४९ मध्ये कुटुंब लंडनला पोहोचलं. चौथं मूल लंडनमध्येच झालं. चेल्सी भागात भाड्याचं घर घेतलं. १८५० च्या वसंतात घरमालकिणीच्या पाच पौंडांच्या थकबाकीवरून जप्तीवाले आले. अंथरूण, कपडे, लहान बाळाचा पाळणा, मुलींची खेळणी, सगळ्यावर जप्ती. मुली रडत उभ्या. सगळ्यांना रस्त्यावर यावं लागलं.

जेनीनं हे सगळं नवऱ्याच्या एका मित्राला पत्रातून कळवलं. बाळाला पाजताना छातीतून रक्त येतं हेसुद्धा लिहिलं. काहीच लपवलं नाही. पण त्याच पत्रात तिनं नवऱ्याची बाजूही घेतली. इतर पुढाऱ्यांसारखा वर्गणीचा कटोरा घेऊन फिरण्यापेक्षा तो उपाशी राहील, असं तिचं म्हणणं. काही दिवसांनी मार्क्सनं त्याच मित्राला लिहिलं की बायकोची अशी अस्वस्थ पत्रं फार मनावर घेऊ नका. मदत दोघांनाही हवी होती. जेनीनं ती मागून टाकली. मार्क्सला मागितल्याची लाज वाटली.

दोन खोल्या आणि एक गुपित

१८५० च्या ऑगस्टमध्ये जेनी परत एकदा गरोदर होती. तशा अवस्थेत ती एकटी समुद्र ओलांडून हॉलंडला गेली. तिथं मार्क्सच्या मावशीचे यजमान लिऑन फिलिप्स मोठे व्यापारी होते. (याच लिऑन यांच्या मुलानं आणि नातवानं १८९१ मध्ये फिलिप्स ही बल्बची कंपनी काढली.) क्रांतीमुळं धंदा बुडाल्यानं लिऑन चिडलेले होते. त्यांनी मदत केली नाही. उमरावाची लेक नवऱ्याच्या नातेवाइकांसमोर हात पसरून रिकामीच परतली.

याच काळात लंडनच्या घरात जे घडलं, त्यावर पुढं शंभर वर्षं पडदा राहिला. २३ जून १८५१ रोजी लेन्शनला मुलगा झाला. फ्रेडरिक. तो मार्क्सचा मुलगा होता, असं बहुतेक अभ्यासक मानतात. काही जणांना ते मान्य नाही. त्या वेळी मात्र बाप म्हणून बोट गेलं ते एंगल्सकडं आणि अविवाहित एंगल्सनं ते जाऊ दिलं. मुलगा लगेच दुसऱ्या कुटुंबात वाढायला दिला गेला. जेनीनं नंतर आपल्या आठवणी लिहिल्या तेव्हा त्या उन्हाळ्यात एक घटना घडली आणि तिनं दुःखात भर घातली, एवढंच नोंदवून ती पुढं गेली. लेन्शन घरातच राहिली. कुणीच काही बोललं नाही.

हे सगळं घडत होतं सोहो भागातल्या डीन स्ट्रीटवर, दोन खोल्यांत. प्रशियाच्या एका हेरानं या घराचं वर्णन करून ठेवलंय. एकही वस्तू धड नाही, सगळीकडं धूळ आणि तंबाखूचा धूर, एक खुर्ची तीन पायांची. पण घरातली बाई गृहमंत्र्यांची बहीण आहे, सुसंस्कृत आहे आणि पाहुण्यांचं मनापासून स्वागत करते, हेही त्यानं लिहिलं. भारतावरचे मार्क्सचे १८५३ सालचे गाजलेले लेख याच घरात राहत असताना लिहिले गेले. न्यूयॉर्कच्या वर्तमानपत्रासाठी, मानधन मिळवायला.

मानधन पुरायचं नाही. १८५२ मध्ये मार्क्सनं एंगल्सला कळवलं की कोट गहाण पडल्यामुळं घराबाहेर पडता येत नाही. एंगल्स तोवर मँचेस्टरला वडिलांच्या भागीदारीतल्या सूतगिरणीच्या कचेरीत नोकरीला लागला होता, मुख्यतः मित्राचं घर चालावं म्हणून. तो नोटा मधोमध कापायचा आणि दोन अर्धे दोन वेगळ्या पाकिटांतून पाठवायचा, म्हणजे टपालात कुणी चोरू नये.

डीन स्ट्रीटवर राहत असताना तीन मुलं गेली. १८५० मध्ये वर्षभराचा गिडो. १८५२ मध्ये वर्षभराचीच फ्रान्झिस्का. तिच्या शवपेटीलाही पैसे नव्हते. शेजारच्या एका फ्रेंच निर्वासितानं दोन पौंड दिले तेव्हा ती आली. आणि १८५५ मध्ये आठ वर्षांचा एडगर, सगळ्यांचा लाडका. त्याच्या जाण्यानं मार्क्सचे केस पिकले, असं ओळखीचे सांगायचे.

गरिबी नव्हे, ती दिसू नये ही धडपड

इथपर्यंतची गोष्ट गरिबीची आहे. पण १८५६ नंतरचे हाल वेगळे होते.

त्या वर्षी जेनीची आई वारली आणि थोडा वारसा हाती आला. कुटुंब शहराच्या उत्तरेला ग्राफ्टन टेरेसमध्ये गेलं. स्वतंत्र घर, वर्षाला ३६ पौंड भाडं. आता एंगल्सचे पैसे होते, लेखांचं मानधन होतं. साध्या कामगाराच्या घरापेक्षा उत्पन्न बरंच जास्त होतं. तरी गहाणवटीच्या दुकानाच्या फेऱ्या थांबल्या नाहीत.

कारण आता मध्यमवर्गीय दिसायचं होतं. मुलींना चांगली शाळा, पियानो, गाणं, चित्रकला. मैत्रिणी घरी येणार तर पडदे हवेत. त्यांनी बोलावलं तर परत बोलवावं लागणार. वाण्याची, खाटकाची, बेकरीवाल्याची उधारी चालेल, पण ती शेजाऱ्यांना कळता कामा नये. मुलींना नाटकात काम करायची इच्छा झाली किंवा कधी शाळेत जाणं बंद झालं, तरी खरं कारण बाहेर जायचं नाही.

लोक सहज म्हणून टाकतात की हा सगळा थाट जेनीमुळं होता. खानदानी मुलगी, तिला सवय. पण मार्क्सची पत्रं वेगळं सांगतात. बायकोच्या व्हिजिटिंग कार्डवर माहेरची बॅरोनेस ही पदवी छापली जावी, असा आग्रह त्याचाच. १८५८ मध्ये कर्जाचा हिशोब मांडताना त्यानं कामगार वस्तीत राहायला जाण्याचा विचार केला आणि वाढत्या मुलींसाठी ते बरं नाही म्हणून सोडून दिला. १८६५ मध्ये तर त्यानं एंगल्सला सरळ कळवलं की आम्ही दोघंच असतो किंवा या मुलींऐवजी मुलगे असते, तर कामगारांसारखं राहायला हरकत नव्हती. मुलींची लग्नं व्हायची आहेत, त्यांनी संबंध जोडायला हवेत, म्हणून हे घर परवडत नसूनही ठेवायचं. कामगारांच्या मुक्तीचा सिद्धांत मांडणाऱ्याला आपल्या मुली कामगार वस्तीत नको होत्या.

१८६२ हे सगळ्यात वाईट वर्ष. जर्मनीतला श्रीमंत समाजवादी पुढारी फर्डिनांड लासाल लंडनचं भव्य प्रदर्शन बघायला आला आणि मार्क्सकडं उतरला. वर्षभरापूर्वी त्यानं बर्लिनमध्ये मार्क्सचा मोठा पाहुणचार केला होता. मग आता इकडूनही कमी पडून कसं चालेल? जेनीनं गहाण टाकता येईल ते सगळं टाकलं. पाहुणा मात्र रोज घोडागाडी आणि सिगारवर एक पौंडाहून जास्त उडवायचा. घरात काय चाललंय ते त्याला बराच काळ कुणी सांगितलं नाही. त्याच वर्षी मार्क्सनं एंगल्सला कळवलं होतं की बायको रोज म्हणते, मुलांना घेऊन कबरीत गेलेलं बरं, आणि मी तिला दोष देऊ शकत नाही. त्यानं रेल्वेत कारकुनाच्या नोकरीसाठीही अर्ज केला. अक्षर वाईट म्हणून नोकरी मिळाली नाही.

मेरी बर्न्सचा मृत्यू

या लाजेची किंमत फक्त नवरा-बायकोच मोजत होते असं नाही.

एंगल्सची जोडीदार होती मेरी बर्न्स. आयरिश, कामगार घरातली. दोघांनी लग्न केलं नव्हतं. एंगल्सचीसुद्धा मँचेस्टरमध्ये दोन घरं होती. एक गिरणीमालक मित्रांना दाखवायचं आणि दुसरं मेरीसोबत राहायचं. ब्रुसेल्सच्या दिवसांपासून जेनीनं मेरीशी अंतर ठेवलं होतं. स्वतः ‘खालच्या’ घरात लग्न करून आलेली जेनी त्याहून खालच्या पायरीवरच्या बाईला जवळ करू शकली नाही.

७ जानेवारी १८६३ रोजी मेरी अचानक गेली. एंगल्सनं मार्क्सला कळवलं. मार्क्सनं उत्तरात दोन ओळींत दुःख व्यक्त केलं आणि लगेच आपली रडगाणी सुरू केली. शाळेची फी, घरभाडं, कुणी उधार देत नाही. वर हेही की मेरीऐवजी आपली म्हातारी आई गेली असती तर बरं झालं असतं. एंगल्सला हे खूप लागलं. त्यानं काही दिवस उत्तरच दिलं नाही आणि मग तेवढ्याच थंडपणे दिलं.

मार्क्सनं माफी मागितली. त्यानं सांगितलं की त्या दिवशी घरात जप्ती आली होती आणि जेनीशी त्याचं भांडण चालू होतं. खरी परिस्थिती एंगल्सला सांगितलीच नाही, असं तिचं म्हणणं. आता सगळं सोडून द्यायचं, थोरल्या मुलींना गव्हर्नेस म्हणून कामाला लावायचं, लेन्शनला दुसरीकडं नोकरी बघू द्यायची आणि आपण कामगारांसाठी बांधलेल्या चाळीत जायचं, असा बेतही त्यानं सांगितला. एंगल्सनं माफ केलं आणि आपल्या कंपनीच्या हिशोबात धोका पत्करून १०० पौंड पाठवले. बेत बारगळला. घर परत तसंच चालू.

ट्रियरमधले ते काही दिवस

याआधी १८६० मध्ये जेनीला देवी आल्या होत्या. जीव वाचला, पण चेहऱ्यावर व्रण राहिले. ज्या रूपाची अख्ख्या गावात चर्चा होती, ते गेलं.

१८६३ च्या शेवटी मार्क्सची आई वारली आणि तो ट्रियरला गेला. तिथून त्यानं जेनीला पत्र लिहिलं. रोज तो वेस्टफालेनांच्या जुन्या घराकडं जायचा. गावातली माणसं त्याला अजूनही विचारायची की ती ट्रियरची सगळ्यात सुंदर मुलगी, नाचाच्या समारंभांची राणी, हल्ली कुठं असते. आपली बायको एका गावाच्या मनात अशी जिवंत आहे हे नवऱ्याला फार सुखावतं, असं त्यानं तिला कळवलं. तिच्या चेहऱ्यावरचे व्रण रोज बघणाऱ्या माणसानं ते लिहिलं होतं.

वारशाचे पैसे आले, एका मित्रानंही मृत्युपत्रात मोठी रक्कम ठेवली आणि कुटुंब आणखी मोठ्या घरात गेलं. १८६४ मध्ये मुलींनी तिथं नाचाची पार्टी दिली. आजवर लोकांनी बोलावलं आणि आपण बोलावू शकलो नाही, याची भरपाई. १८६७ मध्ये ‘कॅपिटल’चा पहिला खंड आला. वर्षा-दोन वर्षांत एंगल्सनं वर्षाला ३५० पौंड बांधून दिले, तेव्हा कुठं घराला स्थिरता आली.

त्याआधी, १८६६ मध्ये मधली मुलगी लॉरा पॉल लाफार्ग नावाच्या तरुणाच्या प्रेमात पडली. पॉल डॉक्टरीचा विद्यार्थी आणि समाजवादी. मार्क्सनं त्याला एक कडक पत्र धाडलं. प्रेम वगैरे ठीक, आधी तुमची आर्थिक परिस्थिती सांगा. क्रांतीसाठी आपण सगळं घालवलं याचं दुःख नाही, पण परत जन्म मिळाला तर लग्न करणार नाही. ज्या खडकावर हिच्या आईचं आयुष्य फुटलं, त्यावर मुलीचं फुटू देणार नाही. तीस वर्षांपूर्वी हाइनरिश मार्क्स आपल्या मुलाला जे समजावत होते, तेच आता तो मुलगा होणाऱ्या जावयाला सांगत होता. लॉरानं १८६८ मध्ये पॉलशीच लग्न केलं.

जेनीला कॅन्सर झाला आणि २ डिसेंबर १८८१ रोजी ती गेली. मार्क्स स्वतः इतका आजारी होता की डॉक्टरांनी त्याला अंत्यविधीलाही जाऊ दिलं नाही. एंगल्सनं भाषण केलं. मार्क्स गेला असं एंगल्सला तेव्हाच वाटलं होतं. प्रत्यक्षात तो १४ मार्च १८८३ रोजी गेला आणि त्याला जेनीच्याच कबरीत पुरलं. १८९० मध्ये लेन्शन वारली. तिलाही याच कबरीत जागा मिळाली. तिचा मुलगा फ्रेडरिक कारखान्यात यंत्रावर काम करून जगला आणि १९२९ मध्ये वारला. मार्क्सच्या मुलांपैकी खरोखर कामगार झालेला तो एकटाच.

लंडनच्या हायगेट दफनभूमीत आज मार्क्सचा मोठा पुतळा आहे. लोक त्याच्यासोबत फोटो काढतात. पुतळ्याखाली जी जुनी संगमरवरी पाटी आहे, तिच्यावर सगळ्यात वर मार्क्सचं नाव नाही. वर जेनीचं आहे, आणि तेही मार्क्स लावून नाही. जेनी फॉन वेस्टफालेन, कार्ल मार्क्सची लाडकी पत्नी, असं तिथं कोरलंय. त्याच्याखाली कार्ल, त्याच्याखाली एक लहान नातू आणि त्याच्याखाली हेलेना डेमुथ. चांदी गहाण पडली, कोट गहाण पडला, पण नावातलं ‘फॉन’ या घरानं शेवटपर्यंत सोडवून ठेवलं होतं.